वाळूचं घड्याळ आणि शाळेचं रजिस्टर

मंडळी, बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. निमित्त नातीचं. मे महिन्यात ती माझ्याकडे राहायला आली होती. दुपारी आंबे खाऊन झाले की आम्ही दोघी पंख्याखाली आडव्या व्हायचो. ती पुस्तक वाचायची आणि मी वाचल्याचं सोंग करून डुलक्या काढायची. अशाच एका दुपारी तिने मला हलवून उठवलं आणि विचारलं, "आजी, तुला टाइम-टर्नर मिळाला तर तू किती फेरे देशील?"

आता ही काय भानगड, म्हणून मी उठून बसले. हॅरी पॉटरच्या तिसऱ्या पुस्तकात (हे १९९९ सालचं) हे यंत्र येतं. यंत्र कसलं, साखळीत अडकवलेलं एक चिमुकलं वाळूचं घड्याळ. गळ्यात घालायचं आणि फिरवायचं. एक फेरा दिला की एक तास मागे. हर्मायनी नावाच्या हुशार मुलीला एवढे विषय घ्यायचे असतात की एकाच वेळी दोन-तीन वर्गांत बसावं लागणार. म्हणून तिच्या बाई, मॅकगोनागल त्यांचं नाव, जादूच्या मंत्रालयाला पत्रांवर पत्रं लिहून तिच्यासाठी हे घड्याळ मिळवतात. (मंत्रालयाला पत्रांवर पत्रं म्हटल्यावर मला तो जादूचा देश एकदम आपला वाटला!) अट एकच, फक्त अभ्यासासाठी वापरायचं. पुढे अर्थातच ते अभ्यासापलीकडच्या कामाला येतं. तीन फेरे देऊन मुलं तीन तास मागे जातात, दोन निरपराध जीव वाचवतात, आणि वर्ष संपताना हर्मायनी ते घड्याळ परत करून टाकते.

मला पहिल्यांदा हसूच आलं. आख्खा काळ मागे फिरवणारी वस्तू हातात आणि वापर कशाला, तर जादा तासांना बसायला! आमच्या वर्गात असं घड्याळ वाटलं असतं तर पोरांनी ते मधल्या सुट्टीसाठीच फिरवलं असतं. नात म्हणाली, "मी गणिताच्या पेपरला परत जाईन. तू?" मी म्हटलं, "मी आपली ही झोपच परत घेईन, जी तू आता मोडलीस." ती हसली आणि पुस्तकात बुडाली. मला मात्र झोप आली नाही.

आमच्या कॉलेजच्या वेळी (मी मराठी घेऊन बी. ए. केलं, तेही नोकरी करता करता बाहेरून) एका सरांनी एच. जी. वेल्सच्या कालयंत्राची गोष्ट तोंडी सांगितली होती. १८९५ सालची ती कादंबरी. पुढे वाचनालयातून आणून मी ती वाचलीही. त्यातला प्रवासी यंत्रावर बसून दांडा ओढतो आणि पार ८,०२,७०१ साली जाऊन पोचतो. माझ्या लक्षात राहिल्या त्या त्याच्या यंत्रावरच्या तबकड्या. एकीवर दिवस मोजले जातात, दुसरीवर हजार दिवस, तिसरीवर लाखो. म्हणजे काळ नोंदवायची सोय आणि काळ हलवायची सोय एकाच यंत्रावर, बसणाऱ्याच्या हाताशी.

तर सांगायचा मुद्दा असा, की असं यंत्र मी वापरलेलं आहे. एकदा नव्हे, अनेकदा. त्याला साखळी नव्हती की दांडा नव्हता. कापडी बांधणीचं, कोपरे दुमडलेलं शाळेचं जनरल रजिस्टर होतं ते, आणि सोबत दौत-टाक.

आमच्या पिढीतल्या वाचकांना कळलंच असेल मी काय म्हणते आहे ते. मुंबई-पुण्यात किंवा परदेशात वाढलेल्या भाचरांसाठी थोडं सांगते. आपल्याकडे खेड्यापाड्यांत एक काळ असा होता की मूल कधी जन्मलं हे आईला पक्कं ठाऊक असायचं, पण तारखेत ठाऊक नसायचं. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ चा आहे खरा, पण तो वाडीवस्तीपर्यंत पोचायला फार वर्षं गेली. मुलाच्या आयुष्यातला पहिला कागद म्हणजे शाळेचं रजिस्टर. तिथे जन्मतारीख अंकात लिहायची आणि पुन्हा अक्षरात लिहायची. आई म्हणायची, "पानशेत फुटलं त्या सालचा," "पंचमीच्या आदल्या रोजचा," "आमची तांबडी गाय व्याली त्या रातीचा." मास्तर पोराकडे एक नजर टाकायचे, शाळा जूनमध्ये सुरू व्हायची म्हणून त्या दिवशी बरोब्बर सहा वर्षं पुरी होतील असा हिशोब करायचे आणि लिहून टाकायचे, १ जून.

म्हणूनच महाराष्ट्रात एवढी माणसं १ जूनला जन्मलेली आहेत. फेसबुकवर त्या दिवशी नुसता शुभेच्छांचा पाऊस असतो. आणि महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला कर्मचारी आदल्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो, त्यामुळे ३१ मे रोजी सरकारी कचेऱ्यांमध्ये सेवापूर्तीच्या हारांची आणि पेढ्यांची रांग लागते. मी स्वतः त्यातलीच. माझी आई सांगायची की मी गोकुळाष्टमीनंतर दोन दिवसांनी झाले. माझ्या गुरुजींना ते पटलं नसावं. मी ३१ मे २००९ ला निवृत्त झाले.

इथपर्यंत ही गंमत आहे. आपण सगळेच ती हसून सांगतो. मीही वर्षानुवर्षं सांगत आले. पुढचं मात्र मी कधी कुणाला सांगितलं नव्हतं.

१९७२ च्या जूनची गोष्ट. माण तालुक्यातल्या एका वाडीवर माझी पहिली नेमणूक. एकशिक्षकी शाळा, चार इयत्ता एका खोलीत. पावसाचा पत्ता नव्हता. गावची निम्मी माणसं दुष्काळी कामावर, रस्त्याची खडी फोडायला. शाळेचा पट पुरेसा भरला तर दुसऱ्या शिक्षकाची जागा मिळेल असं साहेब सांगून गेले होते, आणि मला दोन नावं कमी पडत होती. एकवीस वर्षांची मी, एकटी, परक्या गावात. दुसरा शिक्षक हवा याचा अर्थ बोलायला माणूस हवं, एवढाच होता खरं तर.

एक दिवस एक बाई दोन पोरांना घेऊन आली. थोरला सहा वर्षांचा होता. त्याचं नाव घातलं. मग तिने पदराआडच्या धाकट्याला पुढे ढकललं. "बाई, ह्यो बी बसू दे की थोरल्याच्या शेजारी. म्या खडी फोडाया जाते. उन्हात कुठं न्यू ह्याला?" मी वय विचारलं. ती म्हणाली, "भूकंप झाला तवा ह्यो पोटात हुता. सहावा महिना चालू हुता."

कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा. माणात भिंतींना तडे गेले नसतील, पण हादऱ्याने सगळं गाव अंगणात आलं होतं. म्हणजे हे पोर १९६८ च्या मार्चमधलं, शिमग्याच्या आसपासचं. सव्वाचार वर्षांचं. हिशोब मला तिथल्या तिथे आला होता, माझं गणित बरं होतं.

मी रजिस्टर पुढे ओढलं आणि लिहिलं, १-६-१९६६. अक्षरी, एक जून एकोणीसशे सहासष्ट. थोरल्याला एक वर्ष मागे सरकवून १९६५ केलं, नाहीतर जुळे झाले असते! पट भरला. आईची सोय झाली. माझीही होणार होती. पंधरा-वीस सेकंदांत मी एका मुलाच्या आयुष्यातली पावणेदोन-दोन वर्षं पुढे ढकलली. कसला आवाज झाला नाही की काही चमकलं नाही. फक्त टीपकागद दाबला.

इथे मला कथा-कादंबऱ्यांतल्या यंत्रांचं एक खरं वाटतं. ती वापरणाऱ्याचा हेतू नेहमी चांगला असतो. कुणाला जीव वाचवायचा असतो, कुणाला अभ्यास करायचा असतो. माझाही हेतू वाईट नव्हता. ते पोर रस्त्याकडेच्या उन्हात बसण्यापेक्षा शाळेच्या सावलीत बसलं, यात मी आजही काही चूक मानत नाही.

पण त्या कथांमध्ये एक गोष्ट सांगायची राहून गेली आहे असं मला वाटतं. काळ फिरवणाऱ्याला आपण तो फिरवला हे शेवटपर्यंत लक्षात असतं, असं त्या गृहीत धरतात. हर्मायनीला आठवतं, वेल्सच्या प्रवाशाला आठवतं. मी मात्र विसरले.

दिवाळीपर्यंतच विसरले. रोज हजेरी घ्यायची, रजिस्टर तेच. पहिलीत बसलाय म्हणजे सहा वर्षांचा. सहा वर्षांच्या मुलाला 'अ' काढता आला पाहिजे, पाटीवर दहापर्यंत आकडे लिहिता आले पाहिजेत. धाकट्याला पेन्सिलच धरता यायची नाही. दुपारी झोपून जायचा. थोरला भराभर लिहायचा आणि हा शेजारी बसून नुसता त्याच्या पाटीकडे बघायचा. मी त्याला छडी मारली. हातावर. एकदा नाही. "थोरल्याला येतं आणि तुला का येत नाही?" असं विचारून मारली. सव्वाचार वर्षांच्या पोराला. खोटी तारीख मीच लिहिली आणि तिच्यावर सगळ्यात आधी विश्वासही मीच ठेवला.

दुसरीत तो नापास झाला. तेव्हा तशी पद्धत होती. पुढे माझी बदली झाली.

धाकटा मॅट्रिक झाला, १९८८ साली सरकारी कचेरीत लिपिक म्हणून लागला, संसार केला, मुलं शिकवली. मला दर दिवाळीला न चुकता पत्र, मग फोन. २०२४ च्या मे महिन्यात सेवापूर्ती समारंभाचं आमंत्रण घेऊन स्वतः आला. "बाई, तुम्ही व्यासपीठावर पाहिजे." ३१ मे ला गेले. भाषणात तो म्हणाला, "बाईंनी मला शाळेत घातलं नसतं तर मी आज खडीच फोडत असतो." टाळ्या झाल्या. मी नारळ आणि शाल मांडीवर घेऊन खाली बघत बसले होते.

कार्यक्रम संपल्यावर चहाच्या वेळी तो शेजारी येऊन बसला. म्हणाला, "बाई, आई जाण्याआधी सांगून गेली की भूकंपात मी तिच्या पोटात होतो. मग मी सहासष्टचा कसा?" त्याने नोकरीत असताना चौकशीही केली होती. पण जन्मतारीख बदलायची तर नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांच्या आत अर्ज करावा लागतो, आणि आईने सांगितलं तोवर ती मुदत केव्हाच उलटून गेली होती. राज्य सरकारी लिपिकाला निवृत्ती ५८ व्या वर्षी. खऱ्या हिशोबाने त्याची निवृत्ती मार्च २०२६ अखेर झाली असती. बावीस महिन्यांचा पगार. धाकट्या मुलाच्या शिक्षणाचं कर्ज अजून फिटलेलं नव्हतं.

मी त्याला सगळं सांगितलं. पट, दुसऱ्या शिक्षकाची जागा, सगळं. तो शांतपणे ऐकत होता. मग हसून म्हणाला, "जाऊ द्या बाई, नोकरीला लागलो तेव्हा दोन वर्षं आधी लागलो असेन. हिशोब तिथेच फिटला." पैशाचा हिशोब कदाचित फिटलाही असेल. एखादा हिशोबी माणूस म्हणेल, सुरुवातीला उसनी घेतलेली वर्षं शेवटी परत द्यावी लागली, त्यात नुकसान ते काय? मीही तोंडातून हेच म्हणणार होते. पण तो पुढे म्हणाला, "मला एवढंच आठवतं, की थोरल्याला लिहिता यायचं आणि मला यायचं नाही. मी आपला जन्मभर स्वतःला ढ समजत आलो. खात्याच्या परीक्षेलाही बसलो नाही कधी. म्हटलं, आपलं डोकं नाही ते."

मी म्हटलं, "तू ढ नव्हतास रे. तू चार वर्षांचा होतास."

तो बराच वेळ कपाकडे बघत राहिला. मग म्हणाला, "हे आधी सांगायला पाहिजे होतं, बाई."

बावन्न वर्षं मला कुणी अडवलं नव्हतं. दर दिवाळीला त्याचा फोन यायचा आणि मी त्याला बायकामुलांची खुशाली विचारून ठेवून द्यायची.

जयंत नारळीकरांची (ते २०२५ च्या मे महिन्यात गेले) 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आपल्यापैकी अनेकांनी वाचली असेल. त्यात यंत्र नाही, ट्रकशी झालेली टक्कर आहे. त्या टकरीने गंगाधरपंत जाऊन पोचतात ते अशा जगात, जिथे १७६१ मध्ये विश्वासरावांना लागायची गोळी चाटून जाते आणि मराठे पानिपत जिंकतात. वीतभर अंतर आणि आख्खा इतिहास वेगळा. वर्गात मी ही कथा रंगवून सांगायचे आणि मुलांना विचारायचे, अशा आणखी कुठल्या गोळ्या तुम्हाला आठवतात? माझ्या टाकाची मला आठवण व्हायची नाही.

म्हणून आता कुणी कालयंत्राच्या गोष्टी सांगू लागलं की माझं मन वेगळ्याच प्रश्नाकडे जातं. असं यंत्र शास्त्रज्ञांना जमेल की नाही, हा प्रश्न माझ्यासारखीला पेलणारा नाही. मला विचारायचं असतं ते हे, की ते कुणाच्या हातात असणार, आणि ज्याचा काळ फिरवला जाणार त्याला कुणी विचारणार का? जो काळ नोंदवतो त्यालाच तो फिरवता येतो. तलाठ्याचं दप्तर असो, दवाखान्याचा कागद असो की शाळेचा दाखला. ज्याच्या नावाची ओळ असते तो मात्र पदराआड उभा असतो.

आता दिवस बदलले. कायद्यातल्या दुरुस्तीनंतर १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेशापासून सगळीकडे जन्मदाखला हाच जन्मतारखेचा पुरावा. मला हे मनापासून आवडलं. मास्तरच्या हातातला टाक काढून घेतला, बरं झालं. पण माणसाची हौस जात नाही. मुहूर्त काढून त्या मिनिटाला पोटातून मूल बाहेर काढायला सांगणारे आईवडील माझ्या नात्यातच आहेत (रागावू नका, नाव घेतलेलं नाही). आणि वय खरं लिहिलं म्हणजे वयाकडे खरं बघितलं जातं असंही नाही. अडीच वर्षांच्या पोराला 'एबीसीडी' येत नाही म्हणून काळजीत पडलेल्या आया मी आमच्या सोसायटीच्या बागेत रोज बघते. त्यांच्या मनात कुठलं तरी रजिस्टर उघडं असतंच. मला त्यांना सांगावंसं वाटतं, बाई गं, तो ढ नाही, तो अडीच वर्षांचा आहे.

असो. नातीच्या प्रश्नाचं उत्तर द्यायचं राहिलंच होतं. ती परत जायच्या आदल्या रात्री मी तिला धाकट्याची गोष्ट सांगितली. ती लगेच म्हणाली, "मग तू मागे जाऊन खरी तारीख लिहिशील ना?" मी विचार केला. खरी तारीख लिहिली तर त्याचं नाव घालता येणार नाही. ते पोर परत रस्त्याकडेला, उन्हात. नाही. तारीख मी बहुतेक तीच लिहीन. मी म्हटलं, "बाळा, मी तारखेला हात लावणार नाही. मी फक्त छडी खाली ठेवीन."

"एवढंच?" ती म्हणाली. तिला ते फारच कमी वाटलं असावं.

आता तुमच्याकडे एक मागणं. आपल्या घरात १ जूनवाले काका, आत्या, मामा आहेतच. त्यांना फोन करून त्यांच्या जन्माची खरी हकिगत विचारा. कुठला पूर, कुठला दुष्काळ, कुणाचं लग्न, कुठली गाय. ज्यांना ठाऊक आहे अशी माणसं आता मोजकीच उरली आहेत. तारीख मिळणार नाही कदाचित, पण वहीत लिहून ठेवा. आणि माझ्यासारखे निवृत्त मास्तर-मास्तरणी हे वाचत असतील तर त्यांनी आपापलं रजिस्टर एकदा मनात उघडून बघावं. एखादा धाकटा तिथेही असेल, आणि त्याचा फोन नंबर तुमच्याकडे असेल.

यंदाच्या मार्चअखेरीला मी धाकट्याला फोन केला होता. म्हटलं, "आज तू खरा निवृत्त झालास." तो हसला. "मग पेढे पाठवा, बाई," म्हणाला. पाठवले.